विश्लेषण : टाउन्सव्हिलचे जगज्जेते अमेरिकेत का गेले? जालन्याच्या झोलला ती वाट का नव्हती?

२६ ऑगस्ट २०१२. ऑस्ट्रेलियातील टाउन्सव्हिल. १९ वर्षांखालील विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात २२६ धावांचा पाठलाग करताना भारत ४ बाद ९७ असा अडचणीत होता. तेथून कर्णधार उन्मुक्त चंदने नाबाद १११ आणि यष्टिरक्षक स्मित पटेलने नाबाद ६२ धावा करत सामना जिंकून दिला. त्या अकरा जणांत मुंबईचा डावखुरा फिरकीपटू हरमीत सिंग होता, तसा जालन्याचा विजय झोलही होता. पुढे उन्मुक्त, स्मित आणि हरमीत हे तिघेही अमेरिकेत क्रिकेट खेळायला गेले. झोल त्या वाटेने गेला नाही. भारतात क्रिकेट हा धर्म मानला जातो, मग त्यातले जगज्जेते क्रिकेट फारसे ठाऊक नसलेल्या देशात का जातात? आणि ही वाट जालन्यासारख्या जिल्ह्यातल्या मुलापर्यंत का येत नाही?

विजय झोल कुठून कुठे पोहोचला?

बियाणे आणि लोखंडी सळयांसाठी ओळखले जाणारे जालना क्रिकेटच्या नकाशावर आले ते डिसेंबर २०११ मध्ये. कूचबिहार करंडकात आसामविरुद्ध रत्नागिरीत झोलने नाबाद ४५१ धावा केल्या. या स्पर्धेत युवराज सिंगच्या ३५८ धावांचा विक्रम होता, तो मागे पडला. १७ वर्षांच्या मुलाने ४६७ चेंडू खेळून काढले, यात फटक्यांइतकेच कौतुक त्याच्या दमाचे करायला हवे.

जालना महाराष्ट्र क्रिकेट संघटनेच्या कक्षेत येतो आणि संघटनेचा कारभार पुण्यातून चालतो. निवड चाचणी असो वा शिबिर, जालन्याच्या मुलाला सुमारे तीनशे किलोमीटर प्रवास ठरलेला. मुंबईतला मुलगा लोकलने मैदानावर जातो आणि संध्याकाळी अभ्यासाला घरी असतो. मराठवाड्यातल्या मुलाला क्रिकेटसाठी बहुतेक वेळा घर आणि शाळा दोन्ही मागे ठेवावी लागतात. हा फरक पुढे महत्त्वाचा ठरतो.

झोलने हे सगळे पार केले. जानेवारी २०१४ मध्ये शारजात १९ वर्षांखालील आशिया चषकाच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानविरुद्ध त्याने आणि संजू सॅमसनने शतके ठोकली आणि कर्णधार म्हणून झोलने चषक उचलला. त्याच महिन्यात रणजी उपांत्यपूर्व सामन्यात वानखेडेवर मुंबईला हरवताना त्याच्या नाबाद ९१ धावा केदार जाधवच्या शतकाच्या जोडीला होत्या. महाराष्ट्र त्या मोसमात अंतिम फेरीपर्यंत गेला. फेब्रुवारीत अमिरातीत झालेल्या युवा विश्वचषकात झोल भारताचा कर्णधार होता. संघ उपांत्यपूर्व फेरीत इंग्लंडकडून हरला. त्याच वर्षी तो ‘आयपीएल’मध्ये बेंगळूरुकडून मोजके सामने खेळला.

त्या युवा संघातले सॅमसन, श्रेयस अय्यर, कुलदीप यादव, दीपक हुडा आणि सर्फराझ खान पुढे भारताकडून खेळले. कर्णधाराला ते दार उघडले नाही. उन्मुक्तचेही तेच झाले. हे एकट्या झोलचे अपयश नव्हे. दर दोन वर्षांनी युवा विश्वचषकातून १५ मुले बाहेर पडतात आणि वरच्या संघात अकराच जागा असतात, त्याही आधीच भरलेल्या.

अमेरिका मध्येच कुठून आली?

२०२१ मध्ये अमेरिकेत मायनर लीग क्रिकेट सुरू झाले आणि जुलै २०२३ मध्ये मेजर लीग क्रिकेट. मोठ्या लीगच्या सहापैकी काही संघांमागे ‘आयपीएल’ संघांचेच मालक आहेत. परदेशी तारे पैसा देऊन आणता येतात, पण संघ भरायला स्थानिक खेळाडू लागतात आणि अमेरिकेत ते पुरेसे नव्हते. आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेच्या नियमानुसार एखाद्या देशात सलग तीन वर्षे वास्तव्य केले की त्या देशाकडून खेळता येते. तिशीच्या आत-बाहेर असलेल्या आणि भारतात मागे पडलेल्या गुणी खेळाडूंसाठी हा हिशेब अगदी जुळणारा होता.

उन्मुक्त आणि स्मित २०२१ मध्ये भारतीय क्रिकेटमधून निवृत्त झाले. उन्मुक्त तेव्हा २८ वर्षांचा होता. हरमीतही अमेरिकेत स्थिरावला. मे २०२४ मध्ये ह्यूस्टनजवळ अमेरिकेने बांगलादेशला हरवले, तेव्हा १३ चेंडूंत नाबाद ३३ धावा करणारा हरमीतच होता. उन्मुक्तचे नशीब मात्र येथेही आडवे आले. तीन वर्षांची अट पूर्ण होऊनही २०२४ च्या ट्वेन्टी-२० विश्वचषकासाठी अमेरिकेने त्याला निवडले नाही.

नेत्रावळकरची गोष्ट वेगळी का?

अमेरिकेतल्या भारतीय क्रिकेटपटूंत सर्वांत गाजलेले नाव मुंबईच्या सौरभ नेत्रावळकरचे. तो क्रिकेटसाठी अमेरिकेला गेलाच नव्हता. २०१० च्या युवा विश्वचषकात तो के. एल. राहुल आणि जयदेव उनाडकट यांच्यासोबत खेळला. मुंबईकडून त्याच्या वाट्याला एकच रणजी सामना आला. मात्र हे सगळे करताना त्याने अंधेरीच्या सरदार पटेल तंत्रज्ञान संस्थेतून संगणक अभियांत्रिकीची पदवी घेतली होती. २०१५ मध्ये तो पदव्युत्तर शिक्षणासाठी कॉर्नेल विद्यापीठात गेला आणि नंतर ओरॅकलमध्ये नोकरीला लागला. क्रिकेट मागे सुटले असे वाटत असताना क्लबच्या सामन्यांतून तो अमेरिकेच्या संघात आला आणि पुढे कर्णधारही झाला.

६ जून २०२४ रोजी डॅलसजवळ पाकिस्तानविरुद्ध सुपर ओव्हर टाकण्याची जबाबदारी त्याच्यावर आली. १८ धावा राखायच्या होत्या, त्याने १३ दिल्या. सहा दिवसांनी न्यूयॉर्कमध्ये भारताविरुद्ध त्याने विराट कोहलीला पहिल्याच चेंडूवर आणि पाठोपाठ रोहित शर्माला बाद केले. विश्वचषकादरम्यान सामना संपला की हॉटेलात लॅपटॉप उघडून तो कंपनीचे काम करत असे, याची तेव्हा समाजमाध्यमांवर थट्टामिश्रित चर्चा झाली. थट्टा बाजूला ठेवली तर त्यातच त्याच्या कारकिर्दीचे मर्म आहे. डावखुऱ्या वेगवान गोलंदाजीआधी त्याच्या पदवीने त्याला अमेरिकेचा व्हिसा मिळवून दिला.

युरोपातल्या बास्केटबॉलपटूंचे काय?

परदेशी खेळाडू अमेरिकेत जाऊन नाव काढतो, याचे जगातले ठळक उदाहरण बास्केटबॉलचे आहे. सर्बियातल्या सोम्बोर या लहान शहरातला निकोला योकिच २०१४ मध्ये ‘एनबीए’च्या निवडप्रक्रियेत ४१ व्या क्रमांकावर निवडला गेला. २०२३ मध्ये त्याने डेन्व्हरला विजेतेपद मिळवून दिले आणि तीनदा सर्वोत्तम खेळाडूचा मान मिळवला. स्लोव्हेनियाचा लुका डॉन्चिच १३ व्या वर्षी रेआल माद्रिदमध्ये गेला आणि १९ व्या वर्षी अमेरिकेत पोहोचला.

पण ही तुलना वरवरचीच आहे. योकिचसाठी अमेरिका हे शिखर होते. भारतीय क्रिकेटपटूसाठी शिखर घरातच आहे आणि अमेरिका ही दुसरी संधी. शिवाय युरोपातला खेळाडू करार मोडून जातो तेव्हा त्याला घडवणाऱ्या क्लबला त्याची किंमत मिळते. ‘एनबीए’त खेळूनही योकिच आणि डॉन्चिच आपापल्या देशाकडून ऑलिम्पिक किंवा युरोपीय स्पर्धा खेळू शकतात. आपल्या जिल्ह्यातल्या क्लबला मोबदला मिळण्याची पद्धत नाही आणि खेळाडूला परतीचा रस्ताही नाही.

अडते कुठे?

भारतीय क्रिकेट मंडळ पुरुष खेळाडूंना निवृत्त झाल्याशिवाय परदेशी लीगमध्ये खेळू देत नाही. ‘आयपीएल’चे वेगळेपण जपण्यासाठी हे धोरण आहे. कोहली-बुमराच्या बाबतीत ते समजण्यासारखे आहे. पण ज्याला दोन मोसमांत राज्याच्या संघातही जागा मिळालेली नाही, त्याला अडवून मंडळ काय वाचवते? महिला खेळाडूंना ही बंदी नाही. सांगलीची स्मृती मानधना ऑस्ट्रेलिया आणि इंग्लंडच्या लीगमध्ये खेळली आणि तिच्यामुळे भारतीय संघाचे नुकसान झाल्याचे कोणी म्हटलेले नाही. ठरावीक काळ राज्याच्या संघाबाहेर असलेल्या पुरुष खेळाडूंनाही निवृत्तीच्या अटीशिवाय परवानगी द्यायला हवी.

या अटीचा जाच सर्वांना सारखा नसतो. मुंबई-दिल्लीच्या खेळाडूकडे बहुधा पदवी, ओळखी आणि परदेशातले नातलग असतात. निवृत्तीचा कागद देऊन तो धोका पत्करू शकतो. जिल्ह्यातल्या मुलाने दहावीनंतरच सगळे क्रिकेटवर लावलेले असते. राज्य संघाची आशा हीच त्याची एकमेव ठेव, आणि नेमकी तीच आधी सोडा असे नियम सांगतो.

मराठवाड्यातून मुले येतच आहेत. तुळजापूरचा राजवर्धन हंगर्गेकर २०२२ च्या युवा विश्वविजेत्या संघात होता. बीडच्या सचिन धसने २०२४ च्या युवा विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात दक्षिण आफ्रिकेविरुद्ध ९६ धावा केल्या. २०२३ पासून महाराष्ट्र प्रीमियर लीगमुळे त्यांना घराजवळचे आणखी एक व्यासपीठ मिळाले, पण ते मोसमातले काही आठवडेच.

अमेरिकेची वाट तरी निर्धोक कुठे आहे? २०२८ च्या लॉस एंजलिस ऑलिम्पिकमध्ये क्रिकेट असेल, पण पुरुष आणि महिलांचे प्रत्येकी सहाच संघ खेळतील. सप्टेंबर २०२५ मध्ये आंतरराष्ट्रीय परिषदेने अमेरिकी क्रिकेट संघटनेचे सदस्यत्व निलंबित केले. राष्ट्रीय संघाला खेळण्याची मुभा ठेवली असली, तरी हरमीत आणि नेत्रावळकर ज्या संघासाठी खेळले, त्याचाच कारभार तेव्हा परिषदेच्या देखरेखीखाली गेला.