बिशप क्लाव्हरी आणि त्यांचे शेजारी

दोन धर्मांचे विद्वान एका व्यासपीठावर बसले, एकमेकांना हार घातले, भाषणे झाली, की संवाद झाला असे आपण समजतो. मला हे फारसे पटत नाही. का पटत नाही, ते सांगण्यासाठी मी तुम्हांला अल्जीरिया देशातील ओरान शहराच्या एका बिशपांची हकीकत सांगणार आहे. बिशप म्हणजे एखाद्या विभागातील ख्रिस्ती धर्मगुरूंचा प्रमुख.

पिएर क्लाव्हरी यांचा जन्म ८ मे १९३८ रोजी अल्जीयर्स शहरातील बाब अल-ऊद या वस्तीत झाला. 'बाब' म्हणजे दार, हे तुम्हांला सांगायला नकोच. त्या वेळी अल्जीरियावर फ्रान्सचे राज्य होते. क्लाव्हरींचे घराणे फ्रेंच, पण चार पिढ्यांपासून तेथेच राहणारे. मुसलमान अरबही त्याच शहरात राहत, त्याच रस्त्यांवरून ये-जा करत. तरीही फ्रेंच मुलांच्या घरात आणि मित्रमंडळींत ते जवळजवळ नसतच. आपण एका बुडबुड्यात वाढलो, असे क्लाव्हरींनी पुढे स्वतःच म्हटले आहे. अरबांचा द्वेष करायला त्यांना कोणी शिकवले नव्हते. अरब त्यांना दिसतच नव्हते. मला तर हे न दिसणे द्वेषापेक्षाही वाईट वाटते. द्वेष करणाऱ्याला समोरचा माणूस निदान दिसतो तरी!

१९५४ साली स्वातंत्र्ययुद्ध पेटले. १९५७ मध्ये क्लाव्हरी शिक्षणासाठी फ्रान्सला गेले. ज्यांच्या शेजारी आपण वाढलो ते लोक आपल्याला ठाऊकच कसे नाहीत, हा प्रश्न तेथे त्यांना छळू लागला. १९५८ साली ते डोमिनिकन या ख्रिस्ती संघात दाखल झाले आणि १९६५ मध्ये धर्मगुरू झाले. १९६२ साली अल्जीरिया स्वतंत्र झाला, तेव्हा लाखो युरोपीय लोक बोटींत बसून फ्रान्सला निघून गेले होते. क्लाव्हरी १९६७ साली उलट दिशेने आले. आता ते मालकांपैकी नव्हते, पाहुणे होते.

आल्यावर ते अरबी शिकू लागले. तुमच्यापैकी ज्यांना मराठीचे व्याकरण अवघड वाटते, त्यांनी अरबी क्रियापदांची रूपे पाठ करणाऱ्या या तिशीतल्या माणसाची कल्पना करावी! ते इतके चांगले शिकले की, पुढे अल्जीयर्समधील 'ग्लिसिन' नावाच्या अभ्यासकेंद्राचे १९७३ पासून १९८१ पर्यंत प्रमुख होते. तेथे अरबी भाषा आणि इस्लामचा अभ्यास शिकवला जाई. फ्रेंच शाळांत शिकल्यामुळे ज्यांची ग्रांथिक अरबी कच्ची राहिली होती, असे अल्जीरियन मुसलमानही तेथे शिकायला येत. शेजाऱ्याची भाषा मनापासून शिकणे हाच मला खरा संवाद वाटतो. भाषेच्या चुका करताना माणूस आपोआप नम्र होतो.

१९८१ साली ते ओरानचे बिशप झाले. ख्रिस्ती लोक तेथे अगदी मूठभर उरले होते. चर्चच्या रिकाम्या इमारतींत त्यांनी ग्रंथालये चालवली, अपंगांसाठी आणि स्त्रियांच्या शिक्षणासाठी केंद्रे उभी केली. आंतरधर्मीय परिषदांना जाण्याचा मात्र त्यांना कंटाळा होता. आपण सारे इब्राहिमांची लेकरे, असे गोड बोलून मतभेद झाकू नयेत, असे त्यांचे मत होते. ते पक्के ख्रिस्ती होते आणि मुसलमान मित्रांनी पक्के मुसलमान असण्यात त्यांना काहीच अडचण वाटत नसे. संपूर्ण सत्य आपल्या एकट्याच्या मुठीत नाही, म्हणून दुसऱ्याजवळचे सत्य जाणून घ्यायला हवे, असे ते मानत. दुसऱ्या धर्माच्या माणसाशी मैत्री केली तर आपला ईमान कमजोर होतो, अशी भीती काहींना वाटते. त्यांनी हे चरित्र जरूर वाचावे.

१९९२ साली निवडणुका रद्द झाल्या आणि अल्जीरियात यादवी सुरू झाली. पत्रकार, शिक्षक आणि हिंसेला विरोध करणारे इमामसुद्धा मारले गेले. मेलेल्यांत बहुसंख्य मुसलमान होते, हे विसरता कामा नये. क्लाव्हरी दोन्ही बाजूंच्या हिंसेविरुद्ध उघड बोलत. देश सोडा, असे त्यांना सांगितले गेले. आजारी मित्राच्या उशाशी त्याचा हात धरून बसावे, तसे आम्ही येथे आहोत, अशा अर्थाचे उत्तर त्यांनी दिले.

मोहम्मद बुशिखी हा एकवीस वर्षांचा मुसलमान तरुण त्यांची गाडी चालवत असे. बिशपांबरोबर राहण्यात जिवाला धोका आहे, हे त्यालाही माहीत होते. त्याच्या वहीत निरोपाचा मजकूर सापडला. त्यात त्याने सर्वांचे आभार मानून माफी मागितली होती. आपल्याकडे प्रवासाला निघताना 'कहासुना माफ' म्हणतात, तशीच. १ ऑगस्ट १९९६ च्या रात्री तो बिशपांना विमानतळावरून घेऊन आला. दोघे घराच्या दारात पोहोचताच बॉम्बचा स्फोट झाला आणि दोघेही तेथेच मरण पावले.

क्लाव्हरींच्या अंत्यविधीला ओरानचे मुसलमान मोठ्या संख्येने आले होते. ते आमचेही बिशप होते, असे ते म्हणत होते.

८ डिसेंबर २०१८ रोजी ओरानमध्येच कॅथलिक चर्चने क्लाव्हरींसह एकोणीस जणांना 'धन्य' म्हणून जाहीर केले. त्या एकोणीस नावांत मोहम्मदचे नाव नाही, कारण चर्चची यादी चर्चच्या माणसांचीच असणार. पण २०११ साली फ्रान्समध्ये रंगभूमीवर आलेल्या एका नाटकाचे नाव 'पिएर आणि मोहम्मद' असे आहे. मला ते नाव अगदी योग्य वाटते.