कवळी डबीतच का राहते?

तुमच्या घरात कुणाला कवळी आहे का? असेल तर हे वाचता वाचता एकदा उठून बघा, ती तोंडात आहे की डबीत.

आमच्याकडे सात महिने ती डबीत होती. नोएडातल्या आमच्या फ्लॅटमध्ये, बेसिनवरच्या आरशामागे, निळ्या प्लॅस्टिकच्या डबीत. पाहुणे येणार म्हटलं की आजी ती घालायची आणि पाहुणे लिफ्टमध्ये शिरले की काढून ठेवायची. "बावीस हजारांची वस्तू, आणि फक्त शोभेला," असं बाबा एकदा बोलून गेले. आजी गप्प राहिली. आम्ही सगळ्यांनी धरूनच चाललो होतो की हा हट्ट आहे, म्हातारपणी येतो तसा.

दिल्लीची थंडी म्हणजे गच्चीवरचं ऊन आणि भाजलेल्या शेंगा. डिसेंबरात एक दिवस शेंगांचा पुडा घेऊन मी आजीजवळ बसले. ती सोलत होती आणि दाणे माझ्या हातावर ठेवत होती, स्वतः एकही खात नव्हती. मी म्हटलं, "दात घालून ये ना गं." तर म्हणाली, "दात आहेत तर चणे नाहीत म्हणतात. माझं बघ, दोन्ही आहेत, आणि दोन्ही डब्यात." आम्ही हसलो. मग तिने खालच्या ओठावर डावीकडे बोट ठेवलं. "इथे लागतं गं. पहिल्या आठवड्यापासून लागतंय."

मग सांगितलं का नाहीस? "परत डॉक्टरकडे जायचं म्हणजे परत पैसे. तुझ्या बाबाने आधीच एवढे घातले."

तेव्हा एकेक गोष्ट जुळत गेली. आजीचं वजन चार किलोने उतरलं होतं. जेवणात दूध-पोळी, खिचडी, वरण-भात यापलीकडे काही नव्हतं. ती आमच्या आधी किंवा आमच्यानंतर जेवायची. अमरावतीला तिची बहीण असते, तिच्याशी रोज होणारा फोनही आठवड्यावर गेला होता. आम्हाला वाटलं, सीरियलची वेळ बदलली असेल.

वरची बसते, खालची नाचते

मग मी जरा माहिती काढली आणि जे कळलं ते आधीच कुणीतरी सांगायला हवं होतं असं वाटलं. वरची कवळी टाळू झाकते. टाळू आणि कवळी यांच्यामध्ये लाळेचा पातळ थर असतो, त्याच्या ओढीने ती वर धरून राहते. खालच्या कवळीला टाळूच नाही. ती घोड्याच्या नालासारखी, मधे जीभ, बाजूला गाल, आणि दोघंही तिला हलवत राहतात. त्यातून दात काढल्यावर हिरडीखालचं हाड झिजतं, पहिल्या वर्षात सगळ्यांत जास्त, आणि वरच्या जबड्यापेक्षा खालच्याचं जास्त. म्हणजे आज मापात बसवलेली कवळी काही महिन्यांनी सैल होणं यात डॉक्टरची चूक असेलच असं नाही आणि आजी-आजोबांची तर नाहीच.

लाळ कमी असेल तरीही पकड जाते. मधुमेह असलेल्यांचं तोंड कोरडं पडतं, शिवाय ॲलर्जीच्या, नैराश्याच्या आणि रक्तदाबाच्या काही गोळ्यांनीही पडतं. घरातल्या गोळ्यांची यादी दाताच्या डॉक्टरला दाखवायची असते हे आमच्या तर डोक्यातही आलं नव्हतं.

आणि चावण्याचा जोर? पूर्ण कवळीने तो आपल्या दातांच्या साधारण चौथ्या हिश्शावर येतो. त्यामुळे "आता कवळी आली, घ्या भाकरी" असं म्हणून ताट पुढे करू नका. सुरुवातीला मऊ आणि बारीक तुकडे, दोन्ही बाजूंनी एकाच वेळी चावायचं, समोरच्या दातांनी काहीही तोडायचं नाही. एका बाजूने चावलं की कवळी दुसऱ्या बाजूने उचलते. पहिले काही दिवस तोंडात खूप लाळ सुटते, तेही आपोआप कमी होतं.

"सब ठीक है, माताजी"

आम्ही आजीला परत त्याच क्लिनिकमध्ये नेलं. डॉक्टरांनी टॉर्च मारून पाहिलं आणि म्हणाले, "सब ठीक है, माताजी. आदत पड़ जाएगी." आजीने माझ्याकडे असं पाहिलं की, बघ, मी सांगितलं होतं ना.

चूक कुणाची होती तर आमची. महिनोन् महिने कवळी घातलीच नव्हती, त्यामुळे हिरडीवरची जखम भरून गेली होती. दिसणार काय? लागणाऱ्या कवळीसाठी डॉक्टरकडे जाताना आदल्या दिवसापासून ती घालून ठेवायची असते, निदान काही तास तरी. मग लाल खूण दिसते आणि नेमकं तेवढंच घासता येतं. पुढच्या वेळी आजी दात-ओठ खाऊन (म्हणजे ओठ खाऊनच) एक दिवस कवळी घालून बसली. डॉक्टरांनी कवळीला आतून पांढरी पेस्ट लावली, तोंडात दाबली, काढली, आणि जिथली पेस्ट पुसली गेली होती तिथे मशीनने जरासं घासलं. दहा मिनिटांचं काम. पैसे शून्य, कारण पहिल्या काही महिन्यांचं ॲडजस्टमेंट त्या बावीस हजारांतच होतं. हे आम्ही विचारलंच नव्हतं.

आमच्या सोसायटीतल्या एका अंकलनी हेच काम घरी पॉलिशपेपरने केलं होतं. आता त्यांची कवळी कुठेच लागत नाही, कारण ती कुठेच टेकत नाही.

एक गोष्ट मात्र डॉक्टरांच्याही लक्षात आली नव्हती आणि ती येणंही कठीण होतं. मराठीत च दोन आहेत. चहाचा वेगळा, चमच्याचा वेगळा. ज सुद्धा तसाच, जीभमधला एक आणि जावईमधला दुसरा. चमचा, चोर, जावई म्हणताना जीभ वरच्या दातांच्या मागे जाऊन टेकते. हिंदीत हा दुसरा च नाही. डॉक्टरांनी आजीला पचास, साठ, सत्तर म्हणायला लावलं होतं, ते छान जमलं होतं. पण "चमचा" म्हटलं की शिट्टी वाजायची. बहिणीशी फोन कमी झाला तो याच्यामुळे. पलीकडून सारखं "काय म्हणालीस?" येत राहिलं की माणूस किती वेळ बोलणार?

यावर उपाय दोन. रोज मोठ्याने वाचणं, वर्तमानपत्र, स्तोत्र, काहीही. आजीने बातम्या वाचल्या आणि प्रत्येक बातमीवर मतही दिलं. दुसरा उपाय आम्हाला उशिरा कळला, तुम्हाला आधी सांगते. कवळी पक्की होण्याआधी मेणावर दात लावून एक ट्रायल होते. तेव्हा दात पुढे-मागे सरकवता येतात, नंतर जवळजवळ नाही. त्या दिवशी घरातलं कुणीतरी सोबत जा आणि आजी-आजोबांना त्यांच्या भाषेत बोलायला लावा. आरसा द्या. दातांचा रंग, ओठांची ठेवण, सगळं तेव्हाच बघा.

पैशांचं काय?

आम्ही वरच्या आणि खालच्या पूर्ण कवळीसाठी तीन ठिकाणी विचारलं होतं. चौदा हजार, बावीस हजार आणि पंचेचाळीस हजार असे आकडे आले. फरक असतो तो दातांच्या दर्जाचा, अॅक्रिलिकचा, लॅबचा आणि थोडा क्लिनिकच्या पत्त्याचाही. पण खरा प्रश्न आकड्याचा नाही. विचारायचं ते हे की यात किती भेटी आहेत, नंतरचं घासणं कधीपर्यंत फुकट आहे, आणि सैल झाल्यावर आतून नवा थर भरून देण्याचे, म्हणजे रिलाइनिंगचे, किती घेणार. चौदा हजारांत या सगळ्याची हमी असेल तर ती पंचेचाळीस हजारांपेक्षा चांगली कवळी ठरू शकते. एक कवळी साधारण पाच ते सात वर्षं चालते असं धरा.

दिल्लीत कमी खर्चाचा रस्ता सरकारी दंत महाविद्यालयातून जातो. बहादूरशाह जफर मार्गावर मौलाना आझाद दंत विज्ञान संस्था आहे. नोएडाहून ब्लू लाइनने मंडी हाउस, तिथे व्हायलेट लाइन पकडून दिल्ली गेट, इतकं सोपं. एम्सचं दंत केंद्र आहे, जामिया मिलियाची दंत शाखा आहे. अशा कॉलेजांत शिकाऊ डॉक्टर शिक्षकांच्या देखरेखीखाली काम करतात. पैसे कमी, फेऱ्या जास्त. ज्येष्ठांसोबत सुट्टी काढून जाणारं कुणी असेल तर जरूर जा. महाराष्ट्रात आई-वडील असतील तर मुंबईत नायर आणि शासकीय दंत महाविद्यालय, शिवाय नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरची शासकीय दंत महाविद्यालयं आहेत.

राष्ट्रीय वयोश्री योजना २०१७ मध्ये सुरू झाली. तिच्यात काठी, चष्मा, श्रवणयंत्र यांच्यासोबत कवळीही आहे, हे फार कमी लोकांना माहीत असतं. ती ६० वर्षांवरच्या, दारिद्र्यरेषेखालच्या किंवा महिना १५,००० रुपयांपर्यंत उत्पन्न असलेल्यांसाठी आहे. तुमच्या घरी काम करणाऱ्या मावशींच्या सासूबाईंना किंवा सोसायटीच्या म्हाताऱ्या चौकीदाराला ती लागू होत असेल. चौकशीसाठी ज्येष्ठ नागरिकांची हेल्पलाइन १४५६७ आहे. केंद्र सरकारचे पेन्शनर असाल तर सीजीएचएसच्या वेलनेस सेंटरमध्ये कवळी करण्याआधी विचारा, बिल हातात घेऊन नंतर नको. सत्तरीपुढच्यांना मिळणारं आयुष्मान कार्ड मात्र मुख्यतः हॉस्पिटलात दाखल होऊन घ्यायच्या उपचारांसाठी आहे, कवळीसाठी त्याच्या भरवशावर राहू नका.

इम्प्लांटचं विचाराल तर, खालच्या जबड्यात दोन स्क्रू बसवून त्यांवर कवळी अडकवली की ती नाचत नाही. २००२ मध्ये कॅनडातल्या मॅकगिल विद्यापीठात जमलेल्या तज्ज्ञांनी दात नसलेल्या खालच्या जबड्यासाठी हाच पहिला पर्याय असावा असं म्हटलं होतं. आम्हाला सांगितलेला आकडा लाखाच्या पुढे होता, आजीने तो पुरता ऐकूनही घेतला नाही. हाड पुरेसं असेल, साखर आटोक्यात असेल आणि परवडत असेल तर विचार करा.

आणि जुन्या दिल्लीच्या फुटपाथवर काहीशे रुपयांत दात बसवून देणाऱ्यांकडे, कितीही स्वस्त असलं तरी, जाऊ नका. शेजारच्या चांगल्या दातांना तार आणि अॅक्रिलिकने चिकटवलेला तो दात काढता येत नाही, खाली घाण साचते आणि चांगले दातही जातात.

रात्री पाण्यात

कवळी रात्री काढून ठेवायची, हे आजीला कुणी नीट सांगितलंच नव्हतं. २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जपानमधल्या एका अभ्यासात ८५ आणि त्याहून जास्त वयाच्या ५२४ लोकांची पाहणी केली होती. कवळी घालून झोपणाऱ्यांना न्यूमोनियाचा धोका सुमारे दुप्पट आढळला. शिवाय हिरडीलाही मोकळा श्वास हवा असतो, नाहीतर टाळूवर बुरशीने लाली येते.

काढली की साध्या पाण्यात ठेवा. कोरडी ठेवली किंवा उकळत्या पाण्यात टाकली तर तिचा आकार बिघडतो. टूथपेस्टने चरे पडतात, मऊ ब्रश आणि सौम्य साबण पुरे. धुताना बेसिनमध्ये आधी पाणी भरा किंवा टॉवेल अंथरा, ओल्या हातातून ती निसटतेच. चिकटवायची पावडर लग्नकार्यापुरती ठीक. रोज लागायला लागली तर रिलाइनिंगची वेळ आली समजा. आणि कुठलंही ऑपरेशन असेल तर भूल देणाऱ्या डॉक्टरला कवळीबद्दल आधी सांगा. इंग्लंडमध्ये एका ७२ वर्षांच्या गृहस्थांची कवळी ऑपरेशनच्या वेळी घशात अडकली आणि आठ दिवस कुणाला कळलंच नाही.

फेब्रुवारीत आमच्या आणखी दोन फेऱ्या झाल्या. आता निळी डबी आरशामागून आजीच्या उशाशी आली आहे, चष्म्याच्या शेजारी, आणि ती फक्त रात्री भरलेली असते. अमरावतीचा फोन पुन्हा रोज होतो, चांगला पाऊण तास. गजक मात्र ती अजून तशी खात नाही. पानाचा विडा कुटायचा छोटा पितळी खलबत्ता आहे तिचा, त्यात घालून कुटते आणि पहिला चमचा स्वतःच्या तोंडात टाकते.