भोजाला कालिदासाची गरज नाही

राजा भोजाच्या दरबारात कालिदास होता, ही गोष्ट आपण इतकी मनोभावे सांगतो की तिला पुरावा मागणेही उद्धटपणाचे वाटते. तरी तो मागायलाच हवा, कारण या गोष्टीने सर्वात मोठा अन्याय खुद्द भोजावरच केला आहे.

माळव्यातील धार नगरीचा परमार राजा भोज याची कारकीर्द साधारण इ. स. १०१० ते १०५५. कालिदासाचे नाव मात्र ऐहोळेच्या ६३४ सालच्या शिलालेखात रविकीर्तीने आदराने घेतले आहे. म्हणजे भोज गादीवर बसला, त्याच्या पावणेचारशे वर्षे आधीच कालिदास कीर्तिमान होऊन गेला होता. कालिदास एकच नव्हता, भोजाचा कालिदास दुसरा, असा बचाव केला जातो. पण बल्लाळाच्या ‘भोजप्रबंधा’त त्याच दरबारात बाण, मयूर, भवभूती आणि माघही बसलेले आहेत. या साऱ्यांच्या जोडीला आणखी एकेक नामधारी कवी कल्पायचा काय? भोजानंतर सुमारे पाचशे वर्षांनी लिहिलेला हा ग्रंथ इतिहास म्हणून वाचताच येत नाही.

मुंजाची कथा तशीच. पोरक्या भोजाचा वध करायला निघालेला दुष्ट चुलता आपल्याला लहानपणापासून माहीत आहे. प्रबंधात आधी भोजाचा बाप राज्य करतो, मग मुंज. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे. मुंज आधी राजा होता. चालुक्य तैलपाच्या कैदेत त्याचा अंत झाला. त्यानंतर भोजाचा पिता सिंधुराज राज्य करू लागला. या दोन्ही भावांच्या आश्रयाला असलेल्या पद्मगुप्ताने सिंधुराजावर काव्य लिहिले आहे. ज्या मुंजाच्या सभेत धनंजयाने ‘दशरूपक’ रचले, त्या कवी राजाला आपण केवळ एका गोष्टीखातर खलनायक करून ठेवले.

‘कुठे राजा भोज, कुठे गंगू तेली’ या म्हणीतला गंगू म्हणजे कलचुरी गांगेय आणि तेली म्हणजे तैलप; दोघांनी मिळून भोजावर स्वारी केली आणि हार खाल्ली, असे उलगडून सांगितले जाते. पण तैलप ९९७ च्या सुमारास वारला, भोज गादीवर येण्यापूर्वीच. गांगेय तर एका मोहिमेत चालुक्यांविरुद्ध भोजाच्याच बाजूने उभा होता. पन्हाळ्यावर हीच म्हण कोल्हापूरच्या शिलाहार भोजाशी जोडतात. दोन वंशांचे, दोन शतकांचे राजे अशा रीतीने एकाच नावाखाली मिसळून जातात.

आता दुसरा पक्ष. तो म्हणतो, दंतकथा खोट्या ठरल्या, तसेच भोजाचे ग्रंथही दरबारी पंडितांचे. राजाने फक्त नाव दिले. हे मत शहाणपणाचे दिसते, पण टिकत नाही. पंडितांचे साहाय्य त्याला निश्चितच असणार. मात्र ‘सरस्वतीकंठाभरण’ आणि छत्तीस प्रकाशांचा प्रचंड ‘शृंगारप्रकाश’ या दोन्हींतून एकच स्वतंत्र विचार उभा राहतो: सर्व रसांच्या मुळाशी अहंकाररूप शृंगार आहे. परंपरेशी असा उघड मतभेद करणारी बुद्धी भाड्याने आणलेली नसते. त्याहून मोठी साक्ष शत्रूच्या घरातली आहे. परमारांचे वैरी असलेल्या चालुक्यांच्या कल्याणीत विज्ञानेश्वराने ‘मिताक्षरा’ लिहिली आणि वारसाहक्काच्या चर्चेत ‘धारेश्वरा’चे, म्हणजे भोजाचे, मत विचारात घेतले. वैऱ्याच्या राजधानीत कोणी खुशामतीखातर भोजाचे नाव घेणार नाही.

भोजाविषयीचे पुरावे काही थोडे नाहीत. १०२० सालचे त्याचे ताम्रपट कोकणविजयाच्या निमित्ताने दिलेल्या दानांची नोंद करतात. त्याच्या हयातीतच अल-बिरुनी धारचा राजा म्हणून त्याचे नाव लिहितो. काश्मीरच्या कपटेश्वर येथील कुंडासाठी त्याने सोने दिल्याचे कल्हण सांगतो. ‘समरांगणसूत्रधारा’त नगररचना, घरे, मंदिरे आणि यंत्रे यांचा विचार आहे. बेतवाकाठी भोजपूरचे त्याच्या नावाशी जोडलेले अपुरे शिवमंदिर पाहा: आसपासच्या खडकांवर खांबांचे, शिखराचे आराखडे आजही कोरलेले दिसतात आणि मागे दगड वर चढवण्यासाठी घातलेला मातीचा उतार उभा आहे. हा राजा पराभूतही झाला. चालुक्य सोमेश्वराने धार लुटली. शेवटी गुजरातचा भीम आणि कलचुरी कर्ण एकत्र चालून आले, त्याच धामधुमीत त्याचे निधन झाले.

दंतकथेने या माणसाचे काय केले? ज्याने स्वतः काव्यशास्त्र लिहिले, त्याला तिने दुसऱ्यांचे श्लोक ऐकून लाखांची बक्षिसे देणारा श्रोता केले. लेखणी काढून घेतली आणि हातात थैली दिली. तरीही ‘भोजप्रबंध’ फेकून द्यावा, असे मी म्हणणार नाही. विद्वानाची कदर करणारा राजा कसा असावा, हे पुढच्या शतकांतील लोकांचे स्वप्न त्यात नोंदले गेले आहे. ते त्या शतकांचे साधन आहे. अकराव्या शतकाचे नव्हे.

म्हणून शिक्षकांना, कीर्तनकारांना आणि आजीआजोबांना विनंती आहे. कथा जरूर सांगा, पण कथा म्हणून सांगा. आणि तिच्याशेजारी ताम्रपट, ग्रंथ आणि भोजपूरचे खडकही मांडा. कालिदासाला आश्रय दिला म्हणून भोज मोठा नाही. राज्य सांभाळता सांभाळता त्याने स्वतः ग्रंथ लिहिले, म्हणून तो मोठा आहे.