फ्रॉइडला नकार, वैद्याला नव्हे

सिग्मंड फ्रॉइड यांनी १९२७ साली धर्माला भ्रम ठरविले आणि कित्येक सुशिक्षितांना पापनिवेदन मागासलेपणाचे वाटू लागले. परंतु ज्या शास्त्राच्या नावे हे सांगितले जाते, त्याला कसोटी कोणती? रुग्णाने होकार दिला, तर सिद्धान्त खरा. नकार दिला, तर तो ‘प्रतिरोध’, म्हणजे सिद्धान्त पुन्हा खराच! जे कशानेही खोटे ठरू शकत नाही ते विज्ञान नव्हे, हा कार्ल पॉपर यांचा आक्षेप आजही उभा आहे. मनोविश्लेषक म्हणून आरंभ केलेल्या आल्बर्ट एलिस यांनीही ती वाट सोडून विवेकनिष्ठ उपचारपद्धती मांडली; कि. मो. फडके यांनी ती महाराष्ट्रात रुजविली.

बालपणात मूळ सापडले म्हणून अपराध फिटत नाही. त्याला क्षमाच लागते. १९५३ साली पोप बारावे पायस यांनी मानसोपचारतज्ज्ञांना हेच बजावले, मात्र त्यांना दार लावून घेतले नाही. कारण मनाच्या आजाराला उपचार लागतात.

हट्ट्यासारख्या गावात पीक बुडून झोप उडालेल्या शेतकऱ्याला ‘तुझी श्रद्धा कमी पडली’ असे सुनावणारा भाविक फ्रॉइडइतकाच चुकतो. बंधुभगिनींनो, त्याच्यासाठी प्रार्थना अवश्य करा. आणि त्याला डॉक्टरांकडेही घेऊन जा.