ती पूड आधी धुवून टाका

घरात मधुमेहाचं माणूस असेल आणि त्याच्या पायाला जखम असेल, तर पुढचं सगळं नंतर वाचा. आधी त्या जखमेवर काय लावलंय ते बघा. पिवळी, काळी, तपकिरी, कसलीही पूड दिसली तर उकळून गार केलेल्या पाण्यानं किंवा सलाईननं हलक्या हातानं धुवा. चिकटून बसलेली खपली खरवडू नका. वर स्वच्छ गॉज ठेवा, त्या पायावर भार देऊ नका आणि आजच्या आज रुग्णालय गाठा. बोट काळं पडलं असेल, जखमेला घाण वास येत असेल, लाली घोट्याच्या वर चढली असेल, थंडी वाजून ताप येत असेल, तर धुण्यातही वेळ घालवू नका. १०८ ला फोन करा.

हे लिहिणारा मी वैद्य आहे. शल्यतंत्र शिकलो आणि गेली कित्येक वर्षं तालुक्याच्या गावी दवाखाना चालवतो. माझ्या फडताळात त्रिफळा आहे, जात्यादी तेल आहे, हळद तर आहेच. तेव्हा ‘ह्या माणसाला आपल्या शास्त्राचा आकस आहे’ असं म्हणायची सोय कुणाला ठेवत नाही.

पेरण्या तोंडावर आल्या आहेत. आता दोन-तीन महिने माणसं चिखलात उभी राहणार, बोटांच्या बेचक्यांत चिखल्या होणार, काटे मोडणार, ढेकळं लागणार. नेमक्या याच दिवसांत आमच्या आठवडी बाजारात एक पूड विकायला आली आहे. पुडीवर ना घटक लिहिलेले, ना बनवणाऱ्याचा पत्ता. मोबाईलवर तिचा निरोपही फिरतोय: पाय कापू नका, एकवीस दिवस जडीबुटीची पूड भरा, शुगरच्या गोळ्या बंद करा. सोबत दोन फोटो, एकात सडलेलं पाऊल, दुसऱ्यात भरलेलं. ही दोन्ही पावलं एकाच माणसाची आहेत का, हे विचारायच्या आत तो निरोप पुढच्या गटात गेलेला असतो.

मागच्या महिन्यातली गोष्ट. किराणा दुकान चालवणारे एक काका. नव्या चपलेचा पट्टा अंगठ्याजवळ लागला, फोड आला, फुटला. दुखलं नाही म्हणून त्यांनी मनावर घेतलं नाही. मग कुणीतरी पूड आणून दिली. तीन आठवडे रोज दाबून भरली. वर काळपट, टणक खपली धरली आणि घरच्यांना बरं वाटलं की जखम सुकली. चौथ्या आठवड्यात दुकानात बसल्या बसल्या त्यांना हुडहुडी भरली. माझ्याकडे आणलं तेव्हा शुगर साडेचारशेच्या वर होती. खपलीची कड जरा उचलली, तर आतून पू उसळला. अंगठ्यापासून टाचेपर्यंत तळव्याच्या आतल्या बाजूनं भुयार झालं होतं. मी त्याच गाडीनं त्यांना जिल्ह्याला पाठवलं. पाय गुडघ्याखाली कापावा लागला. काका आता गल्ल्यावर बसतात, कुबड्या शेजारच्या तांदळाच्या पोत्याला टेकवलेल्या असतात.

खपली धरली म्हणजे जखम भरली, असं आपण लहानपणापासून मानत आलो. गुडघा फुटला की आई हळद दाबायची, दोन दिवसांत खपली, आठ दिवसांत नवी कातडी. ते खरंच होतं, कारण त्या पायाला रक्त होतं, जाणीव होती आणि आपली शुगर ठीक होती. मधुमेह जुना झाला की हे तिन्ही आधार ढासळतात. तळव्याच्या नसा बधिर होतात. पोटरीखालच्या रक्तवाहिन्या अरुंद होतात. शुगर वाढलेली असली की पांढऱ्या पेशी जंतूंशी नीट लढत नाहीत. अशा जखमेत पूड भरली की ती जखमेतल्या पाण्यात भिजते, सुकते आणि बूच होऊन बसते. पू बाहेर यायचा तो आत वळतो आणि स्नायूबंधांच्या कडेकडेनं हाडापर्यंत पोचतो. शिवाय ती पूड कुठे वाळवली, कशात कुटली, कुणी हाताळली, कोण जाणे. जमिनीवर वाळलेल्या मुळीसोबत मातीतले जंतूही येतात. आणि पुडीखाली जखमेचा रंग झाकला जातो, त्यामुळे मांस लाल आहे की काळं पडतंय, हे ना घरच्यांना दिसतं ना डॉक्टरला.

मग कुणाकुणाला गुण येतो तो कसा? हे विक्रेत्यालाही माहीत नसावं, म्हणून सांगतो. पूड देताना तो एक पथ्य हमखास सांगतो, एकवीस दिवस चालायचं नाही, पाय भिजवायचा नाही. ज्याच्या पायाला रक्तपुरवठा चांगला आहे आणि जखम वरवरची आहे, त्याची जखम नुसत्या त्या विश्रांतीनं भरून येऊ शकते. तळव्यावरचा दाब काढणं हाच या जखमेचा अर्धा उपचार आहे. रुग्णालयात त्यासाठीच पायाला खास प्लास्टर घालतात किंवा जखमेच्या जागी भार येणार नाही असं पादत्राण देतात. गुण येतो तो पथ्याचा, आणि नाव होतं पुडीचं.

सुश्रुतसंहितेचा दाखला तर प्रत्येक पुडीवाला देतो. मीही देतो, पण जरा सबंध देतो. जखमांवरचे साठ उपक्रम सुश्रुतांनी सांगितले. त्यांत अवचूर्णन आहे, म्हणजे जखमेवर चूर्ण टाकणं, हे खरं. पण ते उथळ, कातडीच्या बेतातल्या व्रणांसाठी. जखम खोल किती, हे बघायला एषण, म्हणजे सळई घालून तपासणं. सडलेला भाग काढायला छेदन. आधी शोधन, म्हणजे जखम साफ करणं, मग रोपण, म्हणजे ती भरून आणणं, हा क्रम कुठेही मोडलेला नाही. आणि सूत्रस्थानात त्यांनी स्पष्ट म्हणून ठेवलंय की मधुमेही माणसाचे व्रण मोठ्या कष्टानं भरतात. आज शल्यचिकित्सक निर्जंतुक सळईनं जखमेच्या तळाशी हाड लागतंय का ते बघतो, तेव्हा तो सुश्रुतांचंच एषण करत असतो. साठातला एक उपक्रम उचलून बाजारात पुडीनं विकणं याला आयुर्वेद म्हणत नाहीत. याला किरकोळ विक्री म्हणतात.

हळदीबद्दलही बोललं पाहिजे, कारण तो मुद्दा घरोघरी निघतो. १९९५ मध्ये अमेरिकेत हळदीच्या जखम भरण्याच्या गुणावर पेटंट दिलं गेलं होतं. डॉ. रघुनाथ माशेलकरांच्या नेतृत्वाखाली वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेनं (सीएसआयआर) त्याला आव्हान दिलं आणि १९९७ मध्ये ते रद्द करून घेतलं. आपल्याला त्याचा अभिमान आहे आणि असायलाच हवा. पण त्या लढाईत सिद्ध झालं ते इतकंच की हे ज्ञान नवं नाही, आमच्या घरात पूर्वापार आहे. मधुमेहाच्या पायाला हळद पुरेशी आहे, असा निकाल तिथे कुणी दिला नव्हता. मधुमेही पायावर काम करणाऱ्या आंतरराष्ट्रीय तज्ज्ञगटाच्या २०२३ च्या मार्गदर्शक सूचनांत तर वनौषधी घातलेल्या ड्रेसिंगचा जखम भरण्यासाठी वापर करू नये, असं नोंदवलंय, आणि मधाचाही. पुरावा पुरेसा नाही, हे त्याचं कारण. उद्या चांगल्या चाचण्यांतून एखादं औषध सिद्ध झालं, तर मी सर्वांत आधी वापरीन. पण तोवर त्याचा प्रयोग तुमच्या वडिलांच्या पायावर नको.

आता त्या बधिर पायाविषयी, कारण सगळं तिथून सुरू होतं. पॉल ब्रँड नावाचे एक सर्जन १९४६ मध्ये वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात आले आणि पुढे कुष्ठरुग्णांवर काम करू लागले. तोवर समज असा होता की कुष्ठरोगात बोटं रोगानंच झडतात. ब्रँड यांनी दाखवून दिलं की बोटं जातात ती वेदना कळत नाही म्हणून. गरम भांडं धरलं तरी कळत नाही, चपलेत खिळा असला तरी माणूस चालत राहतो. काहींची बोटं रात्री झोपेत उंदीर कुरतडत, म्हणून रुग्णांना मांजरं पाळायला दिली गेली. पुढे हेच ब्रँड अमेरिकेत गेले आणि त्यांनी तीच दृष्टी मधुमेहाच्या पायांकडे वळवली. कुष्ठरुग्णांसाठी वापरात आलेली मऊ मायक्रोसेल्युलर रबराची चप्पल आज मधुमेही माणसालाही देतात. उंदराची गोष्ट जुनी वाटत असेल तर सांगतो, चावलेला अंगठा घेऊन आलेला मधुमेही रुग्ण मी माझ्या दवाखान्यात पाहिला आहे. त्यांना सकाळी चादरीवरच्या रक्तानं कळलं.

म्हणून दुखत नाही ही आनंदाची बातमी समजू नका. पायाला मुंग्या येणं, कापसावरून चालल्यासारखं वाटणं, चप्पल पायातून निसटली तरी न कळणं, ही चिन्हं आहेत. अशा माणसानं देवळाच्या तापलेल्या फरशीवर अनवाणी प्रदक्षिणा घालू नये. नवरात्रात अनवाणी राहण्याचा नवस असेल तर तो घरातल्या धडधाकट माणसानं फेडावा, देवी समजून घेईल. पाय शेकायला गरम पाण्याच्या बादलीत घालू नयेत. काट्यावर बिब्बा घालू नये, बिब्ब्यानं कातडी जळते आणि बधिर पायाला ते समजतही नाही. कुरूप ब्लेडनं कापू नये, कुरपावरच्या औषधी पट्ट्या लावू नयेत. चप्पल घालण्याआधी आत हात फिरवून खडा, खिळा बघावा. तंबाखू, बिडी आणि मशेरीबद्दल मी दवाखान्यात रोज बोलतो आणि रोज हरतो, तरी इथेही लिहितो, सोडा.

आयसीएमआर-इंडियाबच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीनुसार देशात १० कोटींहून अधिक लोकांना मधुमेह आहे. त्यांतल्या दर तीन ते पाच जणांमागे एकाला आयुष्यात कधी ना कधी पायाची जखम होते. मधुमेहामुळे कापाव्या लागणाऱ्या दर १०० पायांपैकी सुमारे ८५ पायांचं दुखणं सुरू झालेलं असतं ते अशाच एखाद्या लहान जखमेपासून.

लोक पुडीकडे अडाणीपणानं जातात, असं मी म्हणणार नाही. ते भीतीनं जातात. ‘मोठ्या दवाखान्यात गेलं की पाय कापतात’, ही ती भीती. तिला माझं उत्तर एका प्रश्नात आहे. तुमच्या गावात ज्याचा पाय कापला, तो जखम झाल्यावर कितव्या दिवशी रुग्णालयात गेला होता? विचारून बघा. माझ्याच गल्लीतल्या एका आजींच्या सुनेला फरशीवर एकाच पावलाचा ओला ठसा उमटलेला दिसला. दुसऱ्या दिवशी आजी डॉक्टरांसमोर होत्या. नायलॉनच्या दोऱ्यानं जाणीव तपासली, डॉप्लरनं रक्तप्रवाह पाहिला, एक्स-रे काढला, मेलेली कातडी काढली, भार टाळायला जाड फेल्टची गादी लावली, इन्सुलिन सुरू केलं. सहा आठवड्यांत जखम मिटली. आजी परवा मला लोणचं देऊन गेल्या, चालत.

खर्चाची काळजी असेल तर महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजनेत असलेल्या रुग्णालयात जा, तिथल्या आरोग्यमित्राला भेटा, रेशनकार्ड आणि आधार सोबत न्या. जुने कागद न्या, आणि ती पुडीसुद्धा न्या, लपवू नका. डॉक्टर रागावले तर रागावू देत. शुगरच्या गोळ्या, इन्सुलिन कुणाच्याही सांगण्यावरून बंद करू नका, माझ्याही नाही.

माझ्या वैद्यबंधूंना आणि भगिनींना हात जोडून विनंती आहे. पायाच्या नाड्या हातानं चाचपल्याशिवाय, शुगर पाहिल्याशिवाय, खोली तपासल्याशिवाय मधुमेही पायावर कल्क, लेप, चूर्ण काहीही ठेवू नका. नाडी लागली नाही, हाड लागलं किंवा ताप असला, तर रुग्ण त्याच दिवशी पुढे पाठवा. त्यात आपला कमीपणा नाही. नंतरच्या पथ्यापाण्यासाठी तो आपल्याकडेच परत येतो.

आणि जे निरोप पुढे ढकलतात त्यांच्यासाठी: १९५४ चा औषधे व जादूटोणा उपाय (आक्षेपार्ह जाहिराती) कायदा मधुमेह आणि गँग्रीन, दोन्ही बरे करण्याची जाहिरात करायला मनाई करतो. दोन्ही नावं त्याच्या परिशिष्टात आहेत. बाजारात अशी पूड दिसली तर पुडी जपून ठेवा, फोटो काढा आणि जिल्ह्याच्या अन्न व औषध प्रशासनाच्या कार्यालयात लेखी तक्रार द्या. ग्रामसेवक, सरपंच, आशाताई, तुम्हीही बाजाराच्या दिवशी एक फेरी मारा.

बाकीच्यांनी एवढंच करा. आज रात्री जेवणं झाली की आई-वडिलांचे पाय मांडीवर घ्या, मोबाईलचा टॉर्च लावा आणि तळवे, टाचा, बोटांच्या बेचक्या, सगळं बघा. सुरुवातीला सांगितलेली धोक्याची चिन्हं दिसली तर रात्रीच १०८ ला फोन करा, दुसरं काही दिसलं तर उद्या सकाळी दवाखाना उघडायच्या आधी दारात उभे राहा.