उसन्या नावाची आकाशवाणी

दिवाळीची झाडलोट निघाली की आमच्या घरी दरवर्षी एक भांडण होते आणि ते माळ्यावरच्या जुन्या रेडिओवरून होते. सौभाग्यवतींचे म्हणणे असे की भंगारवाला दारात उभा आहे तोवर हे खोके त्याच्या गाड्यावर घालावे. माझे म्हणणे असे की ते खोके नव्हे, वडिलांची आठवण आहे. यंदा चिरंजीवही आईच्या पक्षाला मिळाले. "बाबा, यातलं सगळं मोबाईलवर येतं," असा निकाल त्यांनी दिला आणि मी दोन विरुद्ध एक मतांनी पडलो. घरात हरलेल्या शाळामास्तरापुढे एकच मार्ग असतो, तो म्हणजे लेख लिहिणे. तेव्हा वाचकहो, फराळाचे ताट पुढे घेऊन बसला असाल तर बसा. मी थोडा वेळ भांडणार आहे.

त्या रेडिओशी माझे नाते जुने. नरकचतुर्दशीला पहाटे अंगाला उटणे, दातांत कडकड वाजणारी थंडी, दाराशी फोडलेले कारीट आणि आत रेडिओवर नरकासुरवधाचे कीर्तन! सेल दमत आलेले असले तर वडील ते आदल्या दिवशी उन्हात ठेवीत. "हे आकाशवाणी आहे" असे शब्द आले की मला वाटे, देवकीच्या आठव्या पुत्राची वार्ता कंसाला देणारी तीच ही वाणी. फक्त आता ती बाजारभावही सांगते. हा शब्द दिल्लीच्या कोणा विद्वान अधिकाऱ्याने घडवला असावा, अशी माझी पुष्कळ वर्षे समजूत होती. ती खोटी निघाली. हे नाव दिल्लीचे नाही. ते एका गावातल्या एका प्राध्यापकाच्या घरातून उचललेले आहे, आणि नाव उचलण्याआधी त्या गावाचे केंद्र उचलून दुसरीकडे नेलेले आहे. माझे सगळे भांडण या एका गोष्टीवरून आहे.

ते गाव म्हैसूर. तिथल्या महाराजा कॉलेजात डॉ. एम. व्ही. गोपालस्वामी हे मानसशास्त्राचे प्राध्यापक होते. लंडनला स्पिअरमनसारख्या पंडिताच्या हाताखाली शिकून आलेला हा माणूस. त्याने 10 सप्टेंबर 1935 रोजी आपल्या राहत्या घरातून, 'विठ्ठल विहार' नावाच्या बंगल्यातून, नभोवाणी केंद्र सुरू केले. प्रक्षेपणयंत्राची शक्ती किती? तीस वॉट! आपल्या मोरीत जो दिवा मिणमिणत असे, तोही कधी कधी याहून दांडगा असे. पुढे अडीचशे वॉटचे यंत्र आले. खर्च बव्हंशी प्राध्यापकाच्या खिशातला, आणि जोडीला लोकांचा व म्हैसूर नगरपालिकेचा हातभार. त्या केंद्राला नाव दिले 'आकाशवाणी'. हे नाव कोणाला सुचले याविषयी दोन पक्ष आहेत; कोणी खुद्द गोपालस्वामींचे नाव घेतात, कोणी त्यांचे सहकारी, कन्नड लेखक ना. कस्तुरी यांचे. पक्ष कोणताही खरा धरा, माणूस म्हैसूरचाच.

याच सुमारास दिल्लीत काय चालले होते तेही पाहा. मुंबईला 23 जुलै 1927 रोजी सुरू झालेली इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनी तीन वर्षांत बुडाली होती आणि 1930 मध्ये सरकारने ती गळ्यात बांधून घेतली होती. 1935 च्या ऑगस्टअखेर लायोनेल फील्डन नावाचे साहेब विलायतेहून नभोवाणीचे नियंत्रक म्हणून आले, आणि 1936 च्या जूनमध्ये 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव पडले. साहेब सामान सोडवीत होते तोवर इकडे म्हैसुरात एक मास्तर (प्राध्यापक झाला तरी जात मास्तराचीच!) बोलूही लागला होता.

मी दोन वर्षांपूर्वी शाळेची सहल घेऊन म्हैसूरला गेलो होतो. रविवारी संध्याकाळी राजवाड्यावर जवळजवळ एक लाख दिवे एका झटक्यात लागतात, तेव्हा मुलांनी 'आ' वासला, मीही वासला. वाटाड्याला मी गोपालस्वामींविषयी विचारले. त्याला हत्तींची नावे पाठ होती, दसऱ्याच्या अंबारीचे वजन पाठ होते, पण हे नाव त्याने ऐकलेले नव्हते. त्याचा दोष नाही. लाख दिव्यांपुढे अर्ध्या दिव्याची आठवण कोण ठेवतो? पण त्या अर्ध्या दिव्याने जे काम केले ते लाख दिव्यांनी केले नाही, हे मुलांना समजावून सांगता सांगता बस सुटायची वेळ झाली.

पुढची कथा आपल्या सरकारी कारभाराचा उत्तम नमुना आहे. 1940 च्या दशकाच्या आरंभी संस्थानाने केंद्र आपल्याकडे घेतले. इथवर ठीक, एका माणसाच्या खिशावर केंद्र किती काळ चालणार? 1 एप्रिल 1950 रोजी ते ऑल इंडिया रेडिओत विलीन झाले. आणि 1955 मध्ये म्हैसूरचे केंद्र बंद करून बंगलोरला हलवण्यात आले. राजधानीला मोठे केंद्र हवे, हे मला मान्य आहे. पण राजधानीला नवा वाडा बांधायचा म्हणून गावातले देऊळ पाडून त्याचे दगड न्यावेत काय? आणि मौज अशी की म्हैसूरचा आवाज बंद करून दोन वर्षे होतात न होतात तोच, 1957 पासून, साऱ्या देशाच्या नभोवाणीला 'आकाशवाणी' म्हणू लागले. लेकराला घराबाहेर काढायचे आणि त्याचे नाव आपल्या दारावर लावायचे! म्हैसूरला पुन्हा केंद्र मिळाले ते 1974 मध्ये. एकोणीस वर्षे ते गाव आपलेच नाव दुसऱ्याच्या तोंडून ऐकत बसले. 2023 च्या मे महिन्यात तर 'ऑल इंडिया रेडिओ' हे इंग्रजी नाव वापरातून काढून 'आकाशवाणी' हेच ठेवावे असा हुकूम निघाला. स्वदेशी नाव आले याचा आनंद सर्वांना झाला, मलाही झाला. ज्याच्या घरचे ते नाव, त्याला त्या दिवशी एक हार कोणी घातला असता तर आनंद अधिक झाला असता.

म्हैसूरचे दुःख म्हैसूरकर पाहून घेतील, तुम्ही का कढ काढता, असे कोणी म्हणेल. त्याला आपल्या घरचे उदाहरण देतो. निजामाच्या राज्यात हैदराबादेबरोबर औरंगाबादलाही नभोवाणी केंद्र होते. तेही 1 एप्रिल 1950 लाच केंद्र सरकारकडे आले आणि 1953 मध्ये बंद झाले. त्याच वर्षी 2 ऑक्टोबरला पुण्याचे केंद्र उघडले. पुण्याला केंद्र मिळाले याचे वैषम्य मला नाही. पण मराठवाड्याच्या तोंडचा घास काढूनच ते वाढायला हवे होते काय? त्या वेळी माहिती आणि नभोवाणी खाते डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकरांसारख्या मराठी माणसाकडे होते, हे लिहिताना मला सुख होत नाही. मोठे संगीतप्रेमी गृहस्थ. पण लोकांनी काय ऐकावे हे दिल्लीत बसून ठरवता येते, ही त्यांची श्रद्धा. त्यांनी 1952 मध्ये सिनेमाची गाणी हटवली आणि श्रोत्यांनी निमूटपणे सुई सिलोनकडे फिरवली. अखेर 1957 च्या ऑक्टोबरात 'विविध भारती' काढून सरकारला तीच गाणी वाजवावी लागली. श्रोता भांडत नाही, सुई फिरवतो. एवढे जरी खात्याने त्या वेळी वहीत लिहून ठेवले असते!

आता विरुद्ध बाजूचे एक मोठे हत्यार मीच काढून देतो, नाहीतर लबाडी होईल. स्थानिक नभोवाणी नेहमी सज्जनच असते असे नाही. निजामाच्या 'डेक्कन रेडिओ'ने 1948 मध्ये रझाकारांची तळी किती उचलली, हे मराठवाड्यातल्या वृद्धांनी आपल्या नातवंडांना सांगितलेले आहे. 17 सप्टेंबरला निजामाची शरणागती जाहीर झाली तीही त्याच रेडिओवरून. अशी यंत्रे सरदार पटेलांच्या सरकारने ताब्यात घेतली यात नवल नाही. मी त्या जागी असतो तर मीही घेतली असती. पण तो रेडिओ राजाचा होता, गावाचा नव्हता. राजाचा रेडिओ काढून घेऊन तो दुसऱ्या, अधिक दूरच्या धन्याला दिला, म्हणून गावाच्या तोंडी भाषा आली असे होत नाही.

हे सगळे जुने झाले म्हणावे तर तसेही नाही. 2023 च्या जूनमध्ये पुणे आकाशवाणीचा वृत्तविभाग बंद करून ते काम दुसऱ्या केंद्रांकडे सोपवण्याचा आदेश निघाला होता. पुण्यात ओरड झाली, आदेश स्थगित झाला. पुण्याला ओरडता येते. तिथे वर्तमानपत्रे आहेत, पुढारी आहेत, माझ्यासारखे रिकामटेकडे लेखक आहेत. जिल्ह्याच्या गावाला ओरडता येत नाही. मध्यम लहरींवरची, म्हणजे ज्यांना ए.एम. म्हणतात ती, कितीतरी यंत्रे गेल्या काही वर्षांत जुनी झाली म्हणून बंद झाली, त्याची बातमी कोणत्या पानावर आली?

मी मॅट्रिक झालेला माणूस, विजेचे शास्त्र मला आठवीच्या पुस्तकाइतकेच येते. पण एवढे कळते की मध्यम लहर जमिनीला धरून, ओढा-टेकडी ओलांडून चालते. एफ.एम.चा आवाज गोड, पण तो नाकासमोर जाणारा. मध्ये डोंगर आला की थबकतो. मध्यम लहरीची यंत्रे महाग आणि विजेला खादाड आहेत, मनोरा उंच लागतो, हे खरे. म्हणून गावोगाव मोठी यंत्रे उभारा असे मी म्हणत नाही. तीस वॉटची परवानगी द्या! पण नाही. मध्यम लहरींवर या देशात सरकारखेरीज कोणाला बोलता येत नाही. 1935 मध्ये परक्यांचे राज्य असताना एका संस्थानातल्या मास्तराने जे केले, ते आज स्वराज्यात मी माझ्या घरातून केले तर पोलीस दारात येतील.

सर्वोच्च न्यायालयाने 1995 मध्ये सांगितले की आकाशातल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. त्या निकालात न्यायमूर्ती पी. बी. सावंत होते, म्हणजे इथेही मराठी माणूस. केसकरांचे माप त्यांनी भरून काढले असे मी मानतो. त्यानंतर सरकारने दार किलकिले केले. 2006 पासून सेवाभावी संस्थांना लहान सामुदायिक केंद्र काढता येते. माणदेशात म्हसवडला बायकांनी असे केंद्र चालवून दाखवले आहे. पण ते एफ.एम.वर, शंभर वॉटच्या मर्यादेत, आणि त्यावर गावाची बातमी सांगायची बंदी! बातमी हवी तर आकाशवाणीची लावा. पूर, पाणी, वीज यांची सूचना देता येते, तीही स्थानिक प्रशासनाने पुरवलेली. तलाठी स्वतः छपरावर बसला असेल तर सूचना कोणी पुरवावी, हे नियमात नाही.

छपराचे उदाहरण मी हौसेने दिलेले नाही. 2019 च्या ऑगस्टमध्ये कृष्णाकाठी महापूर आला तेव्हा आमच्या शाळेच्या वरच्या मजल्यावर पाऊणशे माणसे होती. पहिल्या रात्री वीज गेली. दुसऱ्या दिवशी मोबाईल मुके झाले. चिरंजीवांचे 'सगळे' ज्यात येते, त्यात काहीच येईना. एका म्हातारीने गाठोड्यातून मुलाबाळांच्या कपड्यांबरोबर एक ट्रान्झिस्टर आणला होता. तो मधे ठेवून आम्ही सगळे भोवती बसलो. मी सुई फिरवत होतो. एका ठिकाणी गाणे लागले. एका ठिकाणी कोणी गोड आवाजात पावसाळ्यात त्वचेची निगा कशी राखावी ते सांगत होते. कोणते केंद्र ते मी लिहिणार नाही. तिथल्या निवेदिकेचा काय अपराध? तिला पुढे दिलेला कागद कोणत्या शहरात लिहिला गेला होता कोण जाणे. म्हातारीने विचारले, "मास्तर, धरणातनं किती सोडलंय त्ये सांगत्यात का?" मी म्हणालो, "सांगतील, आजी." मी पुन्हा सुई फिरवली. रात्री मध्यम लहरी दूरदूरच्या येतात. तेलुगू आले, हिंदी आले, कुठलेसे भजन आले. दोनशे कोसांवरचा देश बोलत होता आणि दोन कोसांवरचे पाणी मुके होते. शेवटी एका पोराने जिन्याच्या पायऱ्या मोजायला सुरुवात केली. दर तासाला तो ओरडून सांगे, कितवी पायरी बुडाली. त्या रात्रीचे आमचे नभोवाणी केंद्र ते.

"सगळं मोबाईलवर येतं" याला माझे उत्तर एवढेच आहे. चिरंजीव तेव्हा लहान होते, ते माझ्या मांडीवर झोपले होते.

भांडणाचा निकाल असा लागला की रेडिओ भंगारात गेला नाही. सौभाग्यवतींनी तो स्वतः पुसला आणि फडताळावर ठेवला, मात्र त्यावर विणलेला रुमाल घालण्याची अट घातली. काल मी त्याच्यासाठी चार मोठे सेल आणायला चौकातल्या दुकानात गेलो. दुकानदाराने खालच्या फळीवरून ते शोधून काढले, फुंकर मारून धूळ उडवली आणि विचारले, "बॅटरीला व्हय, मास्तर?"

मी "हो" म्हणालो.