‘आणि बेटी’

ब्रिटिश म्युझिक हॉलच्या आठवणी निघाल्या की ‘विल्सन, केपल आणि बेटी’ या त्रिकुटाचं नाव येतंच, आणि पाठोपाठ ठरलेला विनोद येतो: विल्सन एक, केपल एक, बेट्या मात्र कितीतरी! लोक हसतात. यात हसण्यासारखं काय आहे, हे मला कळलेलं नाही.

जॅक विल्सन लिव्हरपूलचा, जो केपल आयर्लंडमधल्या कॉर्कचा, बेटी नॉक्स अमेरिकेतल्या कॅन्ससची. 1932 साली तिघं लंडनच्या पॅलेडियममध्ये आले आणि ब्रिटनमध्येच रमले. 1922मध्ये तुतानखामेनची कबर सापडल्यापासून इजिप्तचं जे वेड पसरलं होतं, त्याचीच यांनी टर उडवली. दोन काटकुळे, मिशाळ पुरुष, डोक्यावर तुर्की टोपी, अंगात गुडघ्यापर्यंतचे झगे, चेहरे अगदी मख्ख. रंगमंचावर वाळू टाकायची आणि लुइजिनीच्या ‘बॅले इजिप्सियाँ’च्या सुरावटीवर तीत पाय घासत, भित्तिचित्रांतल्या आकृत्यांसारखे हात कोनात वाकवून नाचायचं. वाळूची ती खसखस हाच ताल. आजही बघताना हसू येतं. त्याबद्दल माझी तक्रार नाही.

तक्रार नावाबद्दल आहे. दोघा पुरुषांना आडनावं, बाईला नुसतं ‘बेटी’. आडनाव नसलं की माणूस बदलणं सोपं जातं. 1941मध्ये बेटी नॉक्स बाहेर पडली, तिची मुलगी पॅट्सी तिच्या जागी आली आणि पाटीवरचं एक अक्षरही बदलावं लागलं नाही. पॅट्सीनंतर आणखी मुली आल्या. त्याही बेटीच.

यावर ठरलेलं उत्तर असं, की व्हरायटीचा धंदाच तसा; खेळ चालू राहणं महत्त्वाचं, माणसं येतात-जातात. मग विल्सन का नाही बदलला? 1960च्या दशकाच्या सुरुवातीला खेळ बंद झाला तेव्हा हे दोघे सत्तरीकडे झुकले होते, तरी तोच झगा आणि तीच वाळू. त्यांचं म्हातारपण हा विनोदाचाच भाग झाला. बेटीला म्हातारं व्हायची मुभा नव्हती. क्लिओपात्रा म्हाताऱ्या होत नसतात!

आणि बाहेर पडलेली बेटी नॉक्स गेली कुठे? ‘इव्हनिंग स्टँडर्ड’मध्ये. तिथे तिने पत्रकारिता सुरू केली, युद्धवार्ताहर म्हणून नॉर्मंडी गाठली, पुढे न्यूरेम्बर्गला नाझी नेत्यांवरच्या खटल्याचं वार्तांकन केलं. नाचणारी म्हणून जिला जगाने पाहिलं, ती तिथे बसून टिपणं घेत होती. एवढा ऐवज हाताशी असताना स्मरणरंजनवाल्यांना तिच्याबद्दल सांगावंसं काय वाटतं, तर तिच्यानंतर आणखी किती झाल्या ते. मोजदाद बायकांची, आठवण पुरुषांची.

अ‍ॅलन स्टॅफर्ड यांनी या त्रिकुटावर अख्खं पुस्तक लिहिलं, ‘टू नेकेड फॉर द नाझीज’. त्याला 2015 सालच्या सर्वांत विचित्र शीर्षकाचं ‘डायग्राम’ पारितोषिक मिळालं. गोबेल्सला यांच्या उघड्या पायांचं वावडं होतं म्हणे, त्या आख्यायिकेवरचं ते शीर्षक. आख्यायिकेतले ते पाय विल्सन आणि केपलचे.